लायब्ररी जोडली की झालं

"त्यात काय साहेब, लायब्ररी जोडली की झालं," हे वाक्य मी एका बुधवारी सकाळी सव्वाअकरा वाजता, भर मीटिंगमध्ये, हातात चहाचा कप असताना उच्चारलं. वेळ इतकी नेमकी सांगतोय, कारण पुढचे सहा आठवडे माझं जे काही झालं त्याला सुरुवात कुठून झाली असं कुणी विचारलंच, तर चटकन सांगता यावं. अजून कुणी विचारलेलं नाही.

आमचं गोदाम रुग्णांना लागणाऱ्या साहित्याचं आहे. चाकांच्या खुर्च्या, कुबड्या, पलंगांचे कठडे, वॉकर. मी तिथला भांडारपाल. कुठली वस्तू कुठल्या फळीवर ठेवली आहे ते सांगणारा एक लहानसा प्रोग्राम मी स्वतः, पुस्तकात बघून बघून, लिहिला होता. त्याचं नाव 'मांडणी'. मांडणी माझ्या टेबलावरच्या कॉम्प्युटरात राहायची आणि कुणाच्या अध्यात ना मध्यात असायची. पण दूरच्या शहरातल्या मुख्य कार्यालयाने 'मोठी सिस्टीम' आणली आणि तेव्हापासून प्रत्येक गोष्ट दोनदा नोंदवावी लागू लागली. एकदा मी मांडणीत नोंदवायचो, आणि तीच नोंद मग ताई मोठ्या सिस्टीमच्या पडद्यावर करायच्या. या ताई म्हणजे आमच्या नोंदणीच्या ताई. कुबड्यांच्या एका जोडीसाठी त्यांना तेवीस रकाने भरावे लागत. एक रकाना भरला की पडदा विचार करत बसे, आणि तो विचार करतोय तोवर ताई मनगटावरचा पट्टा सोडून पुन्हा आवळून बांधत.

त्या बुधवारी साहेब म्हणाले, "नोंदी नऊ दिवस मागे आहेत. मुख्य कार्यालय म्हणतंय की नोंदणीचं काम तिकडेच नेऊ. म्हणजे ताई, तुमची बदली तिकडे होईल."

ताईंच्या लेकीची शाळा इथे, नवऱ्याचं शिलाईचं दुकान इथे. त्यांनी वहीचं पान उलटलं, आणि पुढचं पान कोरं होतं. मला ते बघवलं नाही. म्हणून मी बोललो.

आता ही लायब्ररी म्हणजे काय, ते साहेबांना जसं समजावलं तसंच सांगतो. माझी मांडणी मराठी बोलते असं समजा आणि मोठी सिस्टीम भलतीच कुठली तरी भाषा. दोघींच्या मध्ये एक दुभाषा बसवायचा. हा दुभाषा आयता लिहून मिळतो, त्याला लायब्ररी म्हणतात. तो आपल्या प्रोग्रामला जोडला की इथे मी एकदा नोंद केली, की तिकडे आपोआप पोहोचते. ताईंनी पुन्हा काही भरायला नको.

"किती दिवस लागतील?" साहेबांनी विचारलं.

"चार," मी म्हणालो.

साहेबांनी डायरीत सहा आठवडे लिहिले. मला त्याचा राग आला होता. आता नाही.

घरी सांगितलं तर बायको पोळीचं पीठ मळता मळता म्हणाली, "तुम्हाला कुणी सांगितलं होतं हात वर करायला?" तिच्या आईही आमच्याकडेच राहतात. त्यांचे गुडघे दुखतात, पण डोकं एकदम ठणठणीत. त्या म्हणाल्या, "करू दे गं. जावईबापूंनी मागे नळ दुरुस्त केला होताच की." त्या नळाविषयी आमच्या घरात तेवढं बोलणं पुरतं.

शेजारचे काका निवृत्त ग्रंथपाल. त्यांच्या कानावर 'लायब्ररी' एवढा एकच शब्द गेला आणि ते स्लीपर घालून आले.

"कुठली लायब्ररी जोडताय? वर्गीकरण काय आहे तिचं?"

मी दुभाष्याची सगळी कथा पुन्हा सांगितली. त्यांनी शांतपणे ऐकून घेतली आणि म्हणाले, "मला एवढंच सांगायचंय, परत कशी करायची ते आधी विचारून घ्या. आणताना सगळे आणतात."

मी हसलो. तसं हसायला नको होतं, पण ते नंतर कळलं.

पहिला आठवडा अर्जात गेला. लायब्ररी मुख्य कार्यालयाकडून मागवायची होती, त्यासाठी सात पानांचा अर्ज. 'अर्जदार संस्था आहे की व्यक्ती?' मी 'व्यक्ती' वर खूण केली, कारण गेली कित्येक वर्षं माझी स्वतःबद्दल तशीच समजूत आहे. त्याखाली 'पत्ता' होतं. व्यक्तीचा पत्ता म्हणजे घराचा पत्ता, म्हणून तो लिहिला. इथे कुणीतरी माझा हात धरायला हवा होता. साहेबांनी सही केली, शिक्का मारला, आणि 'अक्षर छान आहे' असं म्हणाले.

दुसऱ्या आठवड्यात लायब्ररी आली. जोडली. मांडणी सुरू केली आणि ती पडली. म्हणजे पडद्यावर एक चौकोन आला, त्यात काहीतरी तांबडं लिहिलं होतं, आणि मांडणी अदृश्य झाली. तीन दिवस शोधल्यावर कळलं की माझा प्रोग्राम बत्तीस बिटांचा, म्हणजे जुन्या घडणीचा, आणि लायब्ररी चौसष्ट बिटांची, म्हणजे नव्या. एका घरातल्या दोन जावांसारखं त्यांचं. दोघी आपापल्या जागी उत्तम, पण एकमेकींशी बोलायचं नाही असं ठरलेलं. मग पुन्हा अर्ज केला, या वेळी बत्तीस बिटांच्या लायब्ररीसाठी. उत्तर आलं की ती आता देत नाही, तुम्हीच चौसष्ट व्हा. मग मी अठरा वर्षांपूर्वी लिहिलेली मांडणी ओळ न ओळ उघडून बसलो. स्वतःचं जुनं लिखाण वाचण्याइतकं लाजिरवाणं काही नाही. एका ठिकाणी मी शेरा मारून ठेवला होता, 'हे का चालतं माहीत नाही, हात लावू नये.' मी हात लावला, आणि ते चालेनासं झालं.

रोज दुपारी ताई माझ्या टेबलाशी येऊन उभ्या राहत.

"दादा, काही झालं का?"

"होतंय, ताई."

"घाई नाही हो. घरमालकीणबाईंना सांगायचं होतं, खोली ठेवायची की सोडायची, म्हणून विचारलं."

घाई नाही म्हणतात ती अशी.

चौथ्या आठवड्यात मांडणी चौसष्ट बिटांची झाली आणि माझी गाठ बाईंशी पडली. या बाई मुख्य कार्यालयात होत्या, मी त्यांना फक्त फोनवर ऐकलं. आवाज कामाने थकलेला, पण शब्द न् शब्द स्पष्ट.

"सर, तुमचं पोर्ट बंद आहे."

पोर्ट म्हणजे दोन कॉम्प्युटरांनी एकमेकांशी बोलायचं दार. ते दार त्यांच्या बाजूने उघडलेलं होतं, आमच्या बाजूने बंद. मी आमच्या नेटवर्कवाल्याला सांगितलं. तो म्हणाला, सुरक्षा विभागाचं पत्र आणा. सुरक्षा विभाग म्हणाला, नेटवर्कवाल्याने मागणी केल्याशिवाय आम्ही पत्र देत नाही. दोघांची टेबलं एकमेकांना चिकटून आहेत. मधे एक कुंडी आहे. मी त्या कुंडीशी उभा राहून पाच दिवस इकडचं तिकडे सांगितलं. दुभाषा आयता मिळतो असं मीच म्हणालो होतो ना, तो मिळाला. तो मीच होतो.

साहेब एकदा माझ्या मागे येऊन उभे राहिले. मी फोनवर ओरडत होतो, "बाई, पोर्ट आजच उघडतंय!" फोन ठेवल्यावर साहेबांनी हळूच विचारलं, "माल जहाजाने येणार आहे का?"

अखेर दार उघडलं. बाईंनी बजावलं, "सर, मोठ्या सिस्टीमची एक नक्कल आहे, फक्त चाचणीसाठी. तुम्ही त्या नकलेवरच काम करायचं. खऱ्या सिस्टीमवर नाही. सेटिंगच्या फाइलमध्ये तशी ओळ आहे."

मी फाइल उघडली. ओळ होती. त्यात 'चाचणी' लिहिलं, दोनदा वाचलं. पण त्या ओळीच्या सुरुवातीला एक बारीकसं चिन्ह होतं. ते चिन्ह असलं की लायब्ररी ती ओळ नुसता शेरा समजते आणि सोडून देते. ते पुसायचं राहिलं. एका चिन्हाची गोष्ट. उवेएवढं चिन्ह.

मंगळवारी दुपारी मी, साहेब आणि ताई पडद्यासमोर बसलो. पहिल्यांदा पासवर्ड चुकला, कारण कळफलक मराठीत राहिला होता. दुसऱ्यांदा आत गेलो. पडद्यावर आलं, 'जोडणी यशस्वी'. साहेबांनी माझ्या पाठीवर थाप मारली. आपल्या हयातीत साहेबांनी पाठीवर थाप मारावी असं कुणाला वाटत नाही? मला तर डोळ्यांत पाणी येतं की काय असं झालं. त्या भरात म्हणालो, "एक चाचणीची मागणी पाठवून बघू." यादीतली सगळ्यात वरची वस्तू निवडली. संख्या टाकली एक. उत्तर आलं, 'मागणी स्वीकारली'.

"एवढं सोपं?" ताई म्हणाल्या. त्यांच्या आवाजात आनंद होता, पण तेवढाच नव्हता. पंधरा वर्षं ज्या कामाने मनगट झिजवलं ते एका टिचकीत झालेलं बघून माणसाला नुसतं बरं कसं वाटेल? मला ते त्या वेळी कळलं नाही. मी पाठीवरच्या थापेत होतो.

शनिवारी सकाळी मी दाढी करत असताना इमारतीच्या फाटकाशी एक ट्रक येऊन उभा राहिला. वॉचमनने खालूनच हाक मारली, "साहेब, तुमच्या खुर्च्या आल्यात!"

अर्ध्या दाढीने खाली गेलो. ड्रायव्हरच्या हातातल्या कागदावर माझं नाव होतं, माझ्या घराचा पत्ता होता. 'कमोडची खुर्ची, एक संच.' एका संचात अठ्ठेचाळीस.

"यातली एकही माझी नाही," मी म्हणालो.

"साहेब, पत्ता तुमचा आहे ना? सही करा. मला पुढे दोन ठिकाणी जायचंय."

आता कमोडची खुर्ची ज्यांनी पाहिली नाही त्यांच्यासाठी सांगतो. ती दिसायला साध्या खुर्चीसारखीच असते. लोखंडी पाय, दोन हात, पाठ, मऊ बैठक. बैठक उचलली की खाली भांडं. ज्यांना उठून न्हाणीघरापर्यंत जाणं जमत नाही, त्यांच्यासाठी. तासाभरात अशा अठ्ठेचाळीस खुर्च्या आमच्या इमारतीच्या गाड्या लावायच्या जागेत ओळीने मांडल्या गेल्या, आणि वरच्या सगळ्या गॅलऱ्यांत माणसं आली.

इमारतीचे अध्यक्ष खाली उतरले. "व्यवसाय सुरू करताय? त्यासाठी सर्वसाधारण सभेचा ठराव लागतो."

"चुकून आल्यात."

"चुकून एक येते हो," अध्यक्ष म्हणाले. "अठ्ठेचाळीस चुकून कशा येतील?"

ग्रंथपाल काकांनी प्रत्येक खुर्चीच्या पाठीला खडूने क्रमांक घातले. कुणी सांगितलं नव्हतं. म्हणाले, "मोजदाद हवी. नंतर भांडणं होतात." तिसऱ्या मजल्यावरच्या एका गृहस्थांनी सल्ला दिला की ताडपत्री घाला. दुसऱ्या एकांनी सांगितलं की ताडपत्रीने गंज धरतो. बायको गॅलरीतून खाली बघत होती आणि मग आत गेली. तेवीस वर्षांच्या संसारात मला तिच्या ओरडण्याची सवय झाली आहे. आत जाण्याची नाही.

सोमवारी सकाळी मी घरूनच बाईंना फोन लावला.

"सर, तुम्ही खऱ्या सिस्टीमवर मागणी पाठवलीत."

"हो."

"आणि पत्ता घराचा दिलात."

"हो, बाई."

पलीकडे फोनवर हात ठेवल्यासारखा आवाज आला. त्या हसत असाव्यात असा मला संशय आहे. मग म्हणाल्या, "लायब्ररीतून आलेली मागणी लायब्ररीतूनच परत करता येते. फोनवर नाही. तुमच्या प्रोग्राममध्ये परतीची सोय करा."

परत कशी करायची ते आधी विचारून घ्या. काका दारातच उभे होते, पण चांगुलपणाने आपल्या स्लीपरकडे बघत राहिले.

परतीची सोय करायला मला आणखी आठ दिवस लागले. त्या आठ दिवसांत खाली एक वेगळीच गोष्ट झाली. आमच्या इमारतीत बसायला बाक नाही. म्हातारी माणसं संध्याकाळी फाटकाशी उभी राहायची, पाय दुखले की वर जायची. आता खाली अठ्ठेचाळीस खुर्च्या होत्या. पहिल्या दिवशी एक आजोबा इकडे तिकडे बघून बसले. दुसऱ्या दिवशी पाच जण बसले. गुरुवारी मी कामावरून आलो तर ओळीने सतरा माणसं बसलेली, गप्पा रंगलेल्या, आणि मधोमध अकरा नंबरच्या खुर्चीवर आमच्या सासूबाई.

मी तिथेच थांबलो. कारण मागच्या वर्षी डॉक्टरांनी अशीच खुर्ची सुचवली होती आणि सासूबाई दोन दिवस जेवल्या नव्हत्या. "मी काय अंथरुणाला खिळलेय का?" रात्री न्हाणीघराकडे जाताना त्या भिंतीला धरून धरून जात. बायको दर वेळी जागी व्हायची, पण उठायची नाही. उठलं तर आईला वाईट वाटेल म्हणून पडूनच पावलं मोजायची. गोदामात ज्याच्याकडे अशा खुर्च्यांचा ढीग, तो मी, भांडारपाल, त्यावर काही करू शकलो नव्हतो.

"जावईबापू," सासूबाई म्हणाल्या, "ही अकरा नंबरची डुगडुगत नाही. बाकीच्या जरा डुगडुगतात. मी सगळ्या बसून बघितल्या."

त्या संध्याकाळी लिफ्टमधून ती खुर्ची वर आली. मी आणली नाही. सासूबाई वॉचमनला म्हणाल्या, "जरा वर ठेव, दार लावायला आडोसा होतो." कशाचा आडोसा, कुठलं दार, असं कुणी विचारलं नाही. ती त्यांच्या खोलीत पलंगाशेजारी राहिली. दुसऱ्या दिवशी सकाळी बायकोने मला स्वतःहून चहा आणून दिला आणि म्हणाली, "रात्रभर झोप लागली मला."

परतीची सोय तयार झाली तो सहाव्या आठवड्याचा सोमवार. मी गोदामात बसून संख्या भरली, सत्तेचाळीस. उत्तर आलं, 'नाकारले.' पुन्हा भरली, पुन्हा नाकारलं. अठ्ठेचाळीस भरून बघितलं, तेही नाकारलं. साहेब मागे येऊन उभे राहिले आणि पाठीवर थाप न मारता निघून गेले. शुक्रवारी मुदत संपत होती. खालच्या खुर्च्या जाईनात, ताईंची बदली टळेना, आणि मी मांडणीत आता इतक्या ठिकाणी हात घातला होता की कुठली वस्तू कुठल्या फळीवर आहे एवढंसुद्धा ती धड सांगेना.

मी टेबलावर डोकं टेकलं. खोटं कशाला सांगू, अगदी टेकलंच.

"दादा," ताई म्हणाल्या, "बघू जरा?"

त्यांनी माझ्या पडद्याकडे बघितलं, मग मनगटाचा पट्टा सोडला. "सतराव्या रकान्यात काय पाठवताय तुम्ही?"

"कुठला सतरावा? मी फक्त वस्तू आणि संख्या पाठवतो."

"मग ती सिस्टीम स्वतःच 'संच' धरते. सत्तेचाळीस संच कुठून आणणार तुम्ही परत करायला? तिथे 'नग' लिहावं लागतं. कुबड्या जोडीने, वॉकर नगाने, कठडे संचाने. आणि परतीला बाविसाव्यात कारण लागतं, नाहीतर घेत नाही." त्या एका दमात सगळं बोलल्या. पंधरा वर्षांत कुणी त्यांना विचारलंच नव्हतं. मीसुद्धा नाही. दूरच्या सिस्टीमशी कसं बोलायचं हे शोधत मी सहा आठवडे फिरलो, आणि तिच्याशी रोज आठ तास बोलणारं माणूस माझ्यापासून दोन टेबलं सोडून बसलेलं.

त्या दिवसापासून आम्ही दोघं शेजारी बसलो. ताई सांगत, मी लिहीत असे. कुठल्या वस्तूला कुठला रकाना, कुठे सिस्टीम अडते, कुठे खोटं बोलते. गुरुवारी दुपारी नऊ दिवसांच्या तुंबलेल्या नोंदी मांडणीतून एकामागून एक तिकडे गेल्या. साहेबांनी मुख्य कार्यालयाला फोन केला आणि माझ्यादेखत म्हणाले, "बदली नको. ताई इथेच लागतील. हा जो प्रोग्राम आहे ना, तो त्यांच्याशिवाय चालत नाही." माझं नाव आलं नाही. थोडं लागलं मनाला. पण खोटं तर काही बोलले नाहीत.

ताईंनी घरमालकीणबाईंना फोन लावला. "खोली ठेवायची," एवढंच म्हणाल्या आणि फोन ठेवून खिडकीकडे तोंड करून बराच वेळ डोळे पुसत राहिल्या.

राहता राहिली खुर्च्यांची परतपाठवणी. बाईंनी माल जागेवर आहे का हे विचारायला माझ्या घरी फोन केला होता आणि तो सासूबाईंनी उचलला होता, हे मला नंतर कळलं. दोघी पाऊण तास बोलल्या म्हणे. काय बोलल्या ते दोघींनाच ठाऊक. शुक्रवारी मी सत्तेचाळीस नगांच्या परतीची मागणी पाठवली. एक नग कमी का, हे विचारणारच होते, आणि 'तो सासूबाईंच्या पलंगाशी आहे' असं लिहायला रकाना नव्हता.

पडद्यावर उत्तर आलं. एरवी एक-दोनच शब्द येत, त्या दिवशी ओळ होती:

'सत्तेचाळीस नग स्वीकारले. एक नग चाचणीसाठी आजींकडे ठेवला आहे. मुदत: आजी सांगतील तोवर.'

शनिवारी ट्रक आला आणि खुर्च्या गेल्या. अध्यक्षांनी ताबडतोब दोन बाक बसवण्याचा ठराव मांडला, कारण सतरा माणसं त्यांच्या दाराशी येऊन उभी होती. मी वर गेलो. सासूबाई अकरा नंबरच्या खुर्चीवर बसून भाजी निवडत होत्या. मी त्यांना बाईंचा निरोप वाचून दाखवला.

"चाचणी म्हणजे काय?" त्यांनी विचारलं.

"नीट चालतंय का, किती दिवस टिकतंय, ते बघायचं."

त्यांनी एक शेंग मोडली. मग माझ्याकडे चष्म्यावरून बघत म्हणाल्या, "कुणाची? माझी का खुर्चीची?"